जॅकेटाच्या पोटातलं वॅडिंग

हिमालयात ट्रेकला निघालेली मुलं जॅकेट घेताना रंग बघतात, चेन ओढून बघतात, टोपी आहे का बघतात आणि छातीवरचं नाव वाचतात. आत काय भरलंय हे फारसं कोणी विचारत नाही. दुकानदारही आपणहून सांगत नाही, कारण बऱ्याचदा त्यालाही ते कोणी सांगितलेलं नसतं. खरं तर जॅकेटाचे पैसे त्या आतल्या भरावाचे, म्हणजे वॅडिंगचे असतात. आणि आपल्या सोलापुरात हा भराव डोंगरावर कमी आणि कपाटात जास्त मरतो. हे एकदा नीट लिहून काढायचं कधीपासून मनात होतं.

मी पूर्व भागात शिवणाचं छोटं युनिट चालवते. मुख्य काम शाळेच्या गणवेशांचं. सासरी आधी यंत्रमाग होते, चादरी विणल्या जायच्या. पुढे माग गेले आणि त्या जागेत शिलाई मशिनी आल्या. भाच्याला ट्रेकिंगचा नाद लागला, तेव्हापासून त्याच्या ग्रुपमधल्या पोरापोरींची जॅकेटं माझ्याकडे दुरुस्तीला येतात. कुणाची चेन गेलेली, कुणाची बाही काट्याने फाटलेली, कुणाच्या पाठीवर शेकोटीच्या ठिणगीने पडलेलं भोक. दुरुस्ती करायची म्हणजे अस्तराची शिवण उसवावी लागते, आणि शिवण उसवली की जॅकेटाचं पोट दिसतं. माझा अभ्यास म्हणाल तर तो तिथलाच, आणि त्याच्या जोडीला मिळेल तिथून वाचलेलं.

मागच्या हिवाळ्यात एक काळं जॅकेट आलं. बाहेरून झोकदार, दोन-दोन इंचांवर आडव्या शिलाया. काखेतली शिवण उसवून आत बोटं घातली तर हाताला राखाडी रंगाचा, चुरचुरणारा, पातळ थर लागला. चिमटीत धरला तर दोन मिलिमीटरही भरेना. ट्यूबलाइटसमोर धरला तर शिलाईच्या रेषांवरून उजेड सरळ आरपार येत होता. आमच्या युनिटमधल्या अक्का तीस-पस्तीस वर्षं कापड हाताळतायत. त्यांनी तो थर दोन बोटांत चोळला आणि म्हणाल्या, "ताई, ह्यात काय न्हाईच की." त्याच आठवड्यात दुसरं एक आलं, निळं, जुनं, कॉलरला मळलेलं. त्याच्या आत पांढरं, मऊ, लोण्यासारखं हाताला लागणारं वॅडिंग होतं. मुठीत दाबून सोडलं की हळूहळू पुन्हा फुगून वर यायचं. शिलाया लांब लांब अंतरावर. दोन्ही जॅकेटं हातात तोलून बघितली तर वजन जवळपास सारखंच.

आता उबेचं गणित. वॅडिंग स्वतः काही गरम नसतं. आपलं अंग उष्णता तयार करतं, आणि तंतूंच्या जाळ्यात अडकून पडलेली हवा ती बाहेर जाऊ देत नाही. स्थिर हवेतून उष्णता फार हळू जाते, पाण्यातून त्याच्या सुमारे 25 पट वेगाने. म्हणून भरावाचं काम एकच, जास्तीत जास्त हवा धरून ठेवायची आणि तिला हलू द्यायची नाही. जॅकेट जितकं फुगलेलं तितकी हवा जास्त. आजीच्या गोधडीत जुन्या लुगड्यांच्या थरांमध्ये जी हवा अडकायची, तिचंच हे काम. फरक एवढाच की इथे ते अगदी कमी वजनात करायचं असतं, कारण ते पाठीवर घेऊन चढायचं आहे.

तंतू बारीक असला की तेवढ्याच वजनात तंतूंची संख्या वाढते, हवेचे कप्पे लहान होतात आणि हवा जागची हलत नाही. थ्रीएम कंपनीच्या थिन्सुलेट नावाच्या वॅडिंगमधला तंतू साधारण 15 मायक्रॉनचा (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग), आपल्या डोक्याचा केस 70 मायक्रॉनच्या आसपास. पण नुसता बारीक तंतू दाबला की बसतो आणि उठायचं नाव घेत नाही. त्यासाठी चांगल्या वॅडिंगमध्ये थोडे जाड, कुरळे तंतू मिसळतात. बारीक तंतू ऊब धरतात, जाड तंतू थर उचलून धरतात. काही तंतू आतून पोकळ काढलेले असतात, त्यामुळे वजन कमी होतं आणि उसळी वाढते. वरून सिलिकॉनचा हात दिलेला असतो, म्हणून ते एकमेकांवर घसरतात आणि स्पर्श मऊ लागतो. रेक्रॉनची उशी फाडून बघितली असेल त्यांना यातलं बरंच ओळखीचं वाटेल. तिथेही पॉलिस्टरच असतं, फक्त तंतू जाड असतो.

स्वस्त वॅडिंगमध्ये थर एकत्र राहावा म्हणून वरून राळ फवारतात. त्या काळ्या जॅकेटातला चुरचुरणारा थर असाच होता. राळेचं वजन भरतं, ऊब भरत नाही, आणि दोन-चार धुण्यांत ती तडकून थराचे तुकडे पडतात. त्याहून बरी पद्धत म्हणजे लवकर वितळणारे तंतू मिसळायचे. त्यांचं बाहेरचं आवरण साधारण 110 अंशांना वितळतं, तर साधं पॉलिस्टर वितळायला 250 अंशांच्या पुढे जावं लागतं. थर भट्टीतून काढला की हे आवरण वितळून तंतू जागोजागी एकमेकांना चिकटतात. तिसरा प्रकार अखंड तंतूंचा. त्यात तंतूला टोकंच नसतात, त्यामुळे थर सहसा सरकत नाही, कमी शिलाया चालतात आणि टिकायलाही तो चिवट. फक्त हाताला थोडा राठ लागतो आणि छोट्या पुडीत कोंबला जात नाही.

पिसांचा विषय निघतोच. भाचा सुरुवातीला आला तो "आत्या, डाऊनच घ्यायचं" असं म्हणतच. डाऊन म्हणजे हंस-बदकांच्या छातीची मऊ पिसं. 1922 च्या एव्हरेस्ट मोहिमेत जॉर्ज फिंच या रसायनशास्त्रज्ञाने बलूनच्या कापडात पिसं भरून कोट करून घेतला होता, आणि आजही वजनाच्या हिशोबात त्या उबेला कृत्रिम भराव गाठत नाही. नीट सांभाळलं तर डाऊन जास्त वर्षंही टिकतं. हे मी मोकळेपणाने मान्य करते. पण पिसं भिजली की त्यांचे गोळे होतात, फुगीरपणा जातो आणि हवा धरून ठेवायला काही उरत नाही. वाळवायला दिवस जातात, आणि नीट वाळली नाहीत तर वास येतो.

अमेरिकन लष्करालाही हीच अडचण होती. 1980 च्या दशकात त्यांना पिसांना पर्याय हवा होता, भिजला तरी चालणारा. त्यातून अल्बनी इंटरनॅशनल या कंपनीने प्रायमालॉफ्ट हे कृत्रिम वॅडिंग तयार केलं. आज चांगल्या जॅकेटांच्या लेबलवर हे नाव दिसतं. त्याचा कच्चा माल मात्र त्याहून जुना, साधं पॉलिस्टर. जॉन व्हिन्फिल्ड आणि जेम्स डिक्सन या दोघांनी ते 1941 मध्ये इंग्लंडमध्ये शोधलं, आणि ते नोकरीला होते कॅलिको प्रिंटर्स असोसिएशनमध्ये, म्हणजे सुती कापडावर छपाई करणाऱ्यांकडे. चादरी-टॉवेलच्या गावात राहून हे वाचलं तेव्हा मला फार आपलंसं वाटलं.

टॉवेलवरून आठवलं. आपला सोलापुरी टॉवेल अंग पुसायला इतका चांगला का? कारण सूत पाणी पितं. नेहमीच्या हवेतसुद्धा सुताने आपल्या वजनाच्या साधारण साडेआठ टक्के ओल धरलेली असते, आणि त्या टॉवेलचा एकेक फासा पाणी ओढायलाच उभा असतो. पॉलिस्टर जेमतेम 0.4 टक्के ओल धरतं. वॅडिंग भिजलं तरी पाणी तंतूंच्या मधल्या जागेत राहतं, तंतूच्या पोटात शिरत नाही. दाबलं, झटकलं की बरंचसं निघून जातं आणि थर पुन्हा थोडाफार उभा राहतो. भिजलेलं जॅकेट कोरड्याइतकं उबदार असतं असं नाही, पण अगदी निरुपयोगी होत नाही. सह्याद्रीत फिरणाऱ्याला हा फरक अंगावर कळतो. हरिश्चंद्रगडावर जानेवारीच्या पहाटे धुकं आणि दव असं असतं की पाऊस नसतानाही कपडे ओले होतात. त्या ओलीत सुती स्वेटशर्ट घालून बसलेली पोरं मी फोटोंत बघते आणि जीव कळवळतो. सूत तिथे नको म्हणजे नको. हे मी, सुतावर पोसलेल्या घरातली बाई, सांगते आहे.

म्हणून आपल्याकडच्या माणसाला मी कृत्रिम भरावच घ्या म्हणते. किंमत आवाक्यातली, घरी धुता येतं, मध्येच फाटलं तर पिसं उडत नाहीत, नुसती पट्टी चिकटवून पुढे चालता येतं. आणि दुरुस्ती माझ्यासारखी साधी शिवणकाम करणारीही करू शकते.

घेताना विचारायची गोष्ट म्हणजे जीएसएम, एक चौरस मीटर वॅडिंगचं ग्रॅममधलं वजन. कापडवाल्यांना हा शब्द नवा नाही, टॉवेलही आपण जीएसएमवरच विकतो. जॅकेटात 40 ते 60 म्हणजे चालताना अंगावर ठेवता येईल असं हलकं. 80 ते 100 सर्वसाधारण. 130 च्या पुढे म्हणजे संध्याकाळी तंबूबाहेर नुसतं उभं राहायचं तेव्हाचं. बरेचदा अंगात जास्त आणि बाह्यांत कमी भरतात, ते बरोबरच आहे. पण जीएसएम हे एकाच प्रतीच्या मालाची तुलना करायला चालतं. राळ फवारलेलं 150 आणि बारीक तंतूचं 80 समोरासमोर ठेवलं तर मी 80 उचलेन. लेबलवर आकडा नसेल तर जॅकेट मुठीत दाबा, दहापर्यंत मोजा, सोडा आणि किती उठतं ते बघा. मग चिमटीत धरून दोन कापडांच्या मधला थर चाचपा. शिलाईच्या रेषेवर थर शून्य होतो हे लक्षात ठेवा. जितक्या जास्त रेषा, तितक्या थंडी शिरायच्या वाटा. दाट आडव्या पट्ट्यांचं जॅकेट फोटोत पिसांच्या जॅकेटासारखं दिसतं म्हणून खपतं. ज्या वॅडिंगला तेवढ्या शिलायांची गरज नाही, त्यावरही त्या मारलेल्या असतात.

"उणे 10 अंशांपर्यंत चालेल" अशा टॅगवर मी विसंबत नाही. स्लीपिंग बॅगसाठी तापमान मोजायची आंतरराष्ट्रीय पद्धत आहे, तापवलेल्या पुतळ्यावर चाचणी घेतात. दुकानातल्या जॅकेटावरचा आकडा कोणत्या पद्धतीने काढला हे टॅगवर नसतंच. शिवाय एकाच जॅकेटात चालणारा घामाघूम होतो आणि बसलेला कुडकुडतो. उत्तराखंडातल्या केदारकंठाचं शिखर साधारण 3,800 मीटर, आपलं सोलापूर साडेचारशेच्या थोडं वर. दर हजार मीटरला सरासरी साडेसहा अंश उतरतात, म्हणजे नुसत्या उंचीपोटीच वीस-बावीस अंश गेले. त्यात उत्तरेतला डिसेंबर आणि वारा वेगळा. एका जॅकेटावर हे भागत नाही. आत घाम बाहेर टाकणारा पातळ थर, त्यावर फ्लीस, म्हणजे लोकरीसारख्या मऊ पॉलिस्टर कापडाचा थर, मग वॅडिंगचं जॅकेट आणि वारा-पाऊस असेल तर सगळ्यांवर शेल, म्हणजे वारा-पाणी अडवणारं पातळ जॅकेट. म्हणून जॅकेट एक माप मोठं घ्या. ते अंगाला घट्ट बसलं तर आतल्या कपड्यांनी वॅडिंग दाबलं जातं, आणि मग त्यात हवा उरत नाही. चढताना काढा, थांबलात की लगेच घाला, गार पडायची वाट बघू नका.

आता कपाट. कर्नाटक एक्सप्रेसने दिल्ली गाठायची, ट्रेक करून परत यायचं, घाईघाईने जॅकेट त्याच्याच छोट्या पिशवीत कोंबायचं, आणि ती पिशवी माळ्यावर. पुढचा ट्रेक थेट पुढच्या डिसेंबरला. मधल्या काळात आपला एप्रिल-मे येतो, पारा 43-44 वर जातो, आणि पत्र्याखालच्या माळ्यावर किंवा उन्हात उभ्या गाडीच्या डिकीत त्याहून कितीतरी जास्त. पॉलिस्टर साधारण 70 अंशांच्या आसपास मऊ पडायला लागतं आणि त्या वेळी ज्या आकारात दाबलेलं असेल तो आकार धरून बसतं. टेरिकॉटच्या पँटची इस्त्रीची घडी धुतल्यावरही टिकते ती यामुळेच. तितकं तापलं नाही तरी उष्णता, दाब आणि महिनोन्‌महिने असा काळ, हे तिन्ही मिळून तंतूंचे कुरळे वळसे सरळ करून टाकतात. पुण्याच्या हवेत हेच जॅकेट कदाचित जास्त तग धरेल. इथे नाही. माझ्याकडे येणारी किती तरी जॅकेटं बाहेरून कोरी करकरीत असतात, शिवण जिथल्या तिथे, आणि आतलं वॅडिंग चपटं झालेलं. मुलं म्हणतात, "काकू, ह्या वेळी थंडीच जास्त होती." थंडी नेहमीचीच असते हो.

तेव्हा ट्रेकहून आलात की जॅकेट आधी धुवा. घाम, अंगाचं तेल आणि मळ तंतूंना चिकटून राहिला की थर बसतो. थंड पाणी, थोडासा द्रव साबण, आणि खळखळून दोनदा विसळायचं. बोअरचं पाणी जड असतं, त्यात साबण निघता निघत नाही, म्हणून शेवटचं पाणी तरी नळाचं घ्या. फॅब्रिक कंडिशनर अजिबात नको, तो बाहेरच्या कापडाचा पाणी झटकण्याचा गुण मारतो. पिळू नका, दाबून पाणी काढा आणि सावलीत पसरून वाळवा. या बाबतीत आपली कोरडी हवा कामाला येते, हिवाळ्यात एका दिवसात खडखडीत वाळतं. इस्त्री तर बाहेरूनसुद्धा फिरवायची नाही. तंतू जोडणारं ते आवरण किती अंशांना वितळतं ते वर लिहिलंच आहे.

वाळलं की रुंद हँगरला टांगा, खालच्या मजल्यावरच्या कपाटात, दोन्ही बाजूंना हवा खेळेल असं. जागा नसेल तर जुन्या चादरीची मोठी पिशवी शिवून त्यात सैल ठेवा. घरोघरी फाटकी सोलापुरी चादर असतेच, तीन सरळ शिवणींत पिशवी तयार होते. हवा ओढून घेणाऱ्या प्लॅस्टिकच्या पिशव्या मिळतात, त्या या कपड्यासाठी नकोत. डांबरगोळ्याही नकोत. पॉलिस्टरला कसर लागत नाही, उगाच वास मात्र वर्षभर राहतो.

वॅडिंग बसलंच असेल तर? थोडं बसलेलं धुऊन, वाळताना अधूनमधून हाताने झटकलं की बरंच उठतं. पूर्ण चपटं झालं असेल, आणि बाहेरचं कापड, चेन, कफ धड असतील, तर मी वॅडिंग बदलून देते. खालच्या घेराची शिवण उसवून अस्तर उलटं काढायचं, जुना थर काढून त्याचाच कागदी पॅटर्न करायचा, नवा थर कापताना चारही बाजूंनी अर्धा इंच जास्त ठेवायचा, कारण शिलाईत तो आखडतो. गणवेशाच्या ड्रिलला, म्हणजे जाड कापडाला, आम्ही 16 नंबरची सुई लावतो. इथे 9 किंवा 11, टाका लांब, दाब सैल. जाड सुईने पडलेली भोकं या कापडात बुजत नाहीत, त्यातून वारा शिरतो आणि पांढरे तंतू बाहेर डोकावायला लागतात. काळ्या जॅकेटावर दिसणारे ते पांढरे केस बऱ्याचदा सुईच्या चुकीचे असतात, नाहीतर विरळ अस्तराचे. पॅनेलवर पुन्हा शिलाई मारताना मी मधल्या निम्म्या रेषा सोडून देते, म्हणजे थर मोकळा राहतो. आडव्या दाट पट्ट्यांची जॅकेटं मात्र मी घेत नाही. प्रत्येक शिलाई उसवावी लागते, भोकं तशीच राहतात, मजुरी नव्या जॅकेटाच्या घरात जाते. माणसाचा पैसा वाया घालवणं मला पटत नाही.

एक मात्र राहून राहून वाटतं. सोलापुरात गणवेश शिवणारे इतके हात आहेत, कटिंग मास्तर आहेत, एकाच मापाचे शेकडो नग बिनचूक काढायची सवय आहे. चांगलं वॅडिंग आणि घट्ट विणीचं हलकं नायलॉन बाहेरून मागवता येतं. मग आपल्या पोरांनी चपट्या भरावाची जॅकेटं का घालावीत? मार्चपासून गणवेशांची घाई सुरू होते, म्हणून त्याच्या आत नमुना काढायचं आम्ही ठरवलंय. मास्तरांनी कागद कापून दिलाय. पाठीला एकही आडवी शिलाई नाही, खांद्यावर सॅकचा पट्टा येतो तिथे शिवण नाही, काखेत वॅडिंगऐवजी फ्लीसचा तुकडा, म्हणजे घामाला वाट राहील. अक्कांचं म्हणणं पडलं की कॉलर अजून बोटभर उंच हवी, ते मला पटलंय. अंगाला 100 जीएसएम, बाह्यांना 60, आणि हे दोन्ही आकडे तंतूच्या प्रकारासकट आतल्या लेबलवर मराठीत छापायचे.